अर्ध्या डब्यातून उतरलेला कॅप्टन

व्हायोलिन वाजवून लोकांना रडवणं हा माझा धंदा. मी एका चित्रपटाच्या स्टुडिओत वाजवते, आणि आमचे चित्रपट मुके असतात. मग तिथे वाजवणारी कशाला, असं विचारू नका, माझ्या मावशीने विचारून विचारून माझं डोकं पिकवलंय. वाजवायचं ते चित्रपटासाठी नाही, नटांसाठी. मिस ऑरेलिया व्हेन यांना पडद्यावर रडायचं असलं की मी कॅमेऱ्याशेजारी स्टुलावर बसून रडकी चाल धरायची. बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं तर त्या थोर अभिनेत्री. नाही आलं तर मेबल पिंक्नी आज बेसूर आहे.

स्टुडिओ वॉल्थमस्टोला, ट्राम जिथे संपते त्याच्याही पुढे. भलंमोठं काचेचं घर आहे. पूर्वी तिथे टोमॅटो पिकायचे, आता नट पिकतात. काच अशासाठी की चित्र उन्हावर निघतं, आणि ऊन आमच्या लंडनमध्ये पाहुण्यासारखं येतं, चहासुद्धा न घेता जातं. हिवाळ्यात धुकं आत शिरलं की दिवाणखान्यात प्रेम करणारी जोडी आम्हालाच दिसेनाशी होते. मग सगळे खोकत बसतात आणि दिग्दर्शक मिस्टर हंफ्री डॅलिमोर कलेवर बोलतात. मला विचाराल तर धुकं परवडलं.

युद्ध संपून तीन वर्षं झाली होती तेव्हाची ही गोष्ट. मिस्टर डॅलिमोरनी मिसेस लॅव्हिनिया क्रॉफ्ट-हेल यांची कादंबरी चित्रपटासाठी घेतली होती. नाव ‘रोझमंडची प्रतीक्षा’. अख्ख्या इंग्लंडने ती वाचून उशा भिजवल्या होत्या. आमच्या आईने तर ती वाचनालयातून तीनदा आणली आणि प्रत्येक वेळी वाचनालयवालीने पानांवरच्या डागांबद्दल तिला सुनावलं. गोष्ट अशी, की रोझमंड नावाची एक पोरगी कॅप्टन रूपर्टच्या प्रेमात पडते. तो युद्धावर जातो आणि मरतो. रोझमंड शंभर पानं रडते आणि शेवटी गावातल्या डॉक्टरशी लग्न करते. त्या पोथीत शहाणपणाची गोष्ट काय ती एवढीच होती, शेवटचं लग्न.

मिस्टर डॅलिमोरनी नेमकी तीच काढून टाकली.

झालं असं की थिएटरवाल्यांनी नाकं मुरडली. त्यांचं म्हणणं, आमच्याकडे निम्म्या खुर्च्यांवर काळे कपडे घालून बाया बसतात, त्यांना आणखी एक मेलेला दाखवून काय करू? वर अमेरिकेतल्या गिऱ्हाइकाची तार आली की कॅप्टन जगला पाहिजे. झालं, कॅप्टन जगला. लष्कराला चार वर्षांत जमलं नाही ते तारेने एका दुपारी करून दाखवलं. आता रूपर्ट मरत नव्हता, बेपत्ता होत होता, आणि शेवटच्या रिळात आगगाडीतून परत येत होता. डॉक्टरचं काम करणाऱ्या बिचाऱ्या नटाला घरी पाठवलं. मिसेस क्रॉफ्ट-हेल आपलं कुत्रं काखेत मारून स्टुडिओत आल्या, आपला मेलेला नायक जिवंत झाल्याचं ऐकलं आणि एवढंच म्हणाल्या, “स्टेशनवर थोडी लव्हेंडरची फुलं दिसतील ना?”

आता यात माझ्या पोटात दुखायचं कारण काय, तर माझा भाऊ पर्सी.

पर्सी पाशेंडेलच्या लढाईत, तिथल्या चिखलात बेपत्ता झाला. आधी तार आली, ‘बेपत्ता’. मग वर्षभराने कागद आला, ‘मृत समजावा’. समजावा म्हणे. पायमोज्यांच्या जोड्या मोजून देणारं लष्कर, आणि माणसाच्या बाबतीत तुमचं तुम्ही समजून घ्या. मी समजून घेतलं. आईने घेतलं नाही. ती अजून त्याच्यासाठी पायमोजे विणते. इतके झालेत की एखादी गोम जरी घरी आली तरी तिला पुरतील.

आणि पर्सीची बायको हेटी मधल्या मध्ये लटकलेली. ती आमच्याच घरी राहते, आमच्याच स्टुडिओत कपडेपटात शिवते. नोकरी मीच लावून दिली. वहिनी आहे माझी, पण एका खोलीत झोपतो आम्ही, त्यामुळे वहिनीपेक्षा बहीणच जास्त. भांडणंही तशीच. स्टुडिओतला सुतार एनॉक टल हा तिला मागणी घालून बसलेला. चांगला माणूस. दिवसभरात दहा वाक्यं बोलला तर त्याला रात्री घसा दुखत असावा. पण हेटी दारातून आली की हातातला रंधा बाजूला ठेवतो. कुणाला वाटेल त्यात काय मोठं, पण सुताराला विचारा.

आमच्याकडे लग्नाआधी तीन रविवार चर्चमध्ये दोघांची नावं पुकारतात. पाद्री अख्ख्या गावासमोर विचारतो, कुणाची काही हरकत आहे का. तिन्ही रविवार सुने गेले, कुणी उठलं नाही, की लग्न लागतं. हेटीचं नाव याआधी दोनदा पुकारायला घेतलं होतं. पहिल्या खेपेला दोन रविवार झाले आणि आईने अंथरूण धरलं. हेटी तिसऱ्या रविवारच्या आधी पाद्रीकडे गेली आणि नावं काढून घेतली. दुसऱ्या खेपेला आई अंथरुणात नव्हती, चांगली चुलीपाशी उभी होती. म्हणाली, “मी उठणार. तिसऱ्या रविवारी मी उठून सांगणार, माझा मुलगा जिवंत आहे म्हणून.” पाद्रीबाबा म्हणाले की कायद्याने त्या बोलण्याला अर्थ नाही. पण हो, कायदा काय चर्चमध्ये आमच्या शेजारी येऊन बसणार होता? हेटीने पुन्हा नावं काढली.

ही तिसरी खेप. दोन रविवार पार पडले होते. उरला होता एक. एनॉकने या वेळी त्याच्या मानाने भाषणच केलं. “हेटी, या वेळी मोडलं तर मी ब्रिस्टलला भावाकडे जाईन. राग म्हणून नाही. पण रोज समोर बघायचं आणि...” पुढचं त्याला जमलं नाही. जमायची गरजही नव्हती.

आणि नेमक्या त्याच आठवड्यात मिस्टर डॅलिमोर बेपत्ता कॅप्टनला घरी आणायला निघाले. याला म्हणतात मुहूर्त.

कॅप्टनच्या कोटाला इस्त्री कुणी करायची? हेटीने. त्याच्या बाहीवर नीट बेतून थोडासा चिखल कुणी लावायचा? हेटीने. मी कपडेपटात गेले तेव्हा ती त्या कोटाची बाही हातात धरून उभी होती आणि इस्त्री बाजूला गार होत होती.

“काय गं, बाहीशी लग्न करतेस का आता?” मी म्हटलं.

“मेबल, पण असं होतं ना गं कधीकधी?”

“काय होतं?”

“परत येतात. पेपरात नव्हतं का आलं, तो लँकेशायरचा माणूस? स्वतःचं नाव विसरला होता. फ्रान्समध्ये कुठल्या शेतावर सापडला.”

“पेपरात दोन डोक्यांचं वासरूही आलं होतं. तू पाहिलंस का कधी?”

“तुला काही वाटतच नाही,” हेटी म्हणाली.

“मला वाटतं की तू रविवारी चर्चमध्ये गप्प बसावंस आणि सोमवारी त्या मुक्या सुताराच्या घरी जावंस. तुझ्या घोरण्याने माझी झोप होत नाही.”

ती हसली नाही. एरवी हसते. मला तेव्हाच कळलं, गेला हा रविवारही.

घरी गेले तर तिथे वेगळाच उत्सव. आईला कुणीतरी बातमी पोचवली होती. कुणीतरी म्हणजे मावशीच, दुसऱ्या कुणाला एवढी घाई नसते. आई म्हणाली, “बघ, आता अख्खं इंग्लंड बघेल. बेपत्ता माणसं येतात परत. उगाच का एवढा खर्च करून दाखवतील?”

“आई, त्याच स्टुडिओने मागच्या साली नेपोलियन दाखवला. तोही परत आला का?”

“तू तुझं ते व्हायोलिन सांभाळ,” आई म्हणाली, आणि विणायला लागली. नवा पायमोजा. या वेळी राखाडी.

इकडे एनॉकला काम काय मिळालं, तर आगगाडी बांधायचं. पूर्ण नाही, अर्धाच डबा. कॅमेऱ्याकडची बाजू तेवढी खरी, म्हणजे पातळ फळ्यांची, रंगवलेली, दारं-खिडक्यांसकट. मागे नुसत्या टेकणाच्या काठ्या. डब्याला खाली चाकं, आणि मागून माणसांनी ढकललं की गाडी स्टेशनात शिरते. आपल्या होणाऱ्या बायकोचा पहिला नवरा ज्यातून उतरणार तो डबा हा गृहस्थ स्वतःच्या हाताने बांधत होता, आणि दाराच्या कडा घासून गुळगुळीत करत होता.

मी म्हटलं, “एनॉक, एखादं चाक ढिलं राहू दे की. कॅप्टन वाटेतच कलंडेल.”

तो म्हणाला, “कुणाचा तरी पाय मोडायचा, मेबल.” आणि घासत राहिला. अशा माणसाशी चेष्टा करून काय मिळतं सांगा.

शुक्रवारी ऊन पडलं. पडलं म्हणजे ढगामागे कुठेतरी सूर्य आहे अशी खात्री पटली. मिस्टर डॅलिमोर कर्णा घेऊन धावत आले. स्टेशन तयार होतं, लव्हेंडरच्या कुंड्या तयार होत्या. गर्दीसाठी आमच्या व्यवस्थापकाने युद्धावरून आलेली, काम नसलेली खरीखुरी माणसं बोलावली होती. त्यांना सांगितलं होतं, गणवेश घरचाच आणा. तेवढाच कपडेपटाचा खर्च वाचला. ती माणसं काचेखाली रांगेत उभी होती, कुणाशी बोलत नव्हती. आम्ही सगळे त्यांच्यापासून जरा लांबूनच चालत होतो, का ते कुणाला विचारलं असतं तर सांगता आलं नसतं.

कॅप्टन रूपर्ट म्हणजे आमचे मिस्टर व्हिव्हियन सेंट क्लेअर. युद्धात त्यांचे तळपाय सपाट निघाले होते म्हणून लष्कराने घेतलं नाही, युद्ध संपल्यावर ते आपोआप बरे झाले. ते डब्यातून उतरले ते एखाद्या मोठ्या हॉटेलातून जेवून उतरावं तसे. हातमोजे सारखे करत. रांगेतून कुणीतरी हसलं. पुन्हा केलं, पुन्हा तसंच. शेवटी मिस्टर डॅलिमोर कंटाळले आणि म्हणाले, पाठमोरा दुसराच कुणी दाखवू, तोंड नंतर जोडू. रांगेतून एकाला बाहेर काढलं. आल्फ बिडल त्याचं नाव. उंची, खांदे सगळं कॅप्टनच्या मापात बसत होतं. तसं पाहिलं तर तसे खांदे हजार जणांचे असतात. पण मी माझ्या भावाचे खांदे विसरले नव्हते, आणि त्या क्षणी मला आल्फ बिडलला कुठेतरी लांब पाठवून द्यावंसं वाटलं.

मग मिस व्हेननी नखरे सुरू केले. म्हणाल्या, या माणसाच्या कोटाला तंबाखूचा वास येतो, मी याला मिठी मारणार नाही. मिस्टर डॅलिमोर ओरडले. बाईंचं डोकं दुखायला लागलं आणि डोकं घेऊन त्या आपल्या खोलीत निघून गेल्या. ऊन तर चाललेलं. मिस्टर डॅलिमोर केस ओढत फिरत होते, आणि त्यांची नजर हेटीवर पडली. ती मिस व्हेन यांचा प्रवासी कोट स्वतःच्या अंगावर घालून खालची शिवण टाचत होती. दोघींचं माप एकच, म्हणून आमच्याकडे असंच करतात.

“तू,” ते म्हणाले. “शिवणारी. टोपी घाल ती. तुझी पण पाठ आणि जरासा गाल, एवढंच घेऊ.” मग त्यांना काहीतरी आठवलं. चेहरा उजळला. “तुझं कुणीतरी बेपत्ता आहे ना गं?”

“माझा नवरा,” हेटी म्हणाली.

“उत्तम,” मिस्टर डॅलिमोर म्हणाले.

उत्तम, म्हणाला तो माणूस. मी आजही हे सांगताना माझा आवाज चढतो.

मी स्टुलावरून उठले. “मिस्टर डॅलिमोर, तिला हे करायला लावू नका. दुसरी कुणी घ्या. मला घाला तो कोट.”

“मेबल, तुझ्यात तो कोट शिरणार नाही,” ते म्हणाले. “तू वाजव. आणि तू, हे बघ, काही करायचं नाही. तो आला तर तू जे करशील तेच कर. एवढंच.”

मी हेटीकडे पाहिलं. तोंड पांढरं पडलं होतं, पण ती टोपी घालत होती. “असू दे, मेबल,” ती म्हणाली. “करते मी.”

डब्याच्या मागून एनॉकने एकदा मान बाहेर काढली, तिला त्या कोटात पाहिलं, आणि पुन्हा मागे गेला. गाडी ढकलायचं काम त्याचंच होतं ना.

मिस्टर डॅलिमोरनी कर्ण्यातून हाक दिली. कॅमेरावाल्याने दांडा फिरवायला घेतला. मी चाल धरली, सगळ्यांत रडकी होती ती. डबा गडगडत आला, दारं उघडली आणि ती माणसं उतरली. त्यांना कुणी काही शिकवलं नव्हतं. ती खाली उतरली आणि एकदम कुठे जायचं ते न कळल्यासारखी उभी राहिली. गर्दीतल्या बायकांनी रुमाल हलवायचे होते, त्यातल्या एकीने रुमाल तोंडात कोंबला. तिला त्याचे जास्तीचे पैसे मिळणार नव्हते.

“धाव,” मिस्टर डॅलिमोर कर्ण्यातून ओरडले. “धाव त्याच्याकडे.”

हेटी धावली नाही. ती चालत गेली. आल्फ बिडल खडूच्या खुणेवर उभा होता, आमच्याकडे पाठ करून. ती त्याच्यासमोर जाऊन थांबली. त्याच्या छातीवरच्या खिशाचं बटण उघडं होतं, ते तिने लावलं. आणि मग ती बोलायला लागली. मुका चित्रपट, कुणी काय बोलतंय याची कुणाला पडलेली? प्रेमाच्या प्रसंगात आमचे नट घोड्यांच्या शर्यतीबद्दल बोलतात. पण मी दोन हातांच्या अंतरावर बसले होते, आणि मला शब्द न् शब्द ऐकू आला.

“पर्सी,” ती म्हणाली, “आलास. बरं झालं आलास. मला तुझ्याशी बोलायचं होतं आणि बोलायला कुठे जागाच नव्हती रे. दुसऱ्यांच्या नवऱ्यांच्या कबरी तरी आहेत.”

आल्फ बिडल हलला नाही.

“मी फार वाट पाहिली. तू म्हणशील, किती? फार. आता नाही पाहवत. रस्त्यात खाकी कोट दिसला की अजून माझे पाय थांबतात, दमले मी. तुझा चेहरा मला आता फोटो पाहिल्याशिवाय आठवत नाही. त्याची मला लाज वाटते, पण खरं आहे ते. एनॉक चांगला माणूस आहे. तुला आवडला असता. आईंकडे मी रोज येत जाईन, घर काही लांब नाही. मेबल आहेच, ती बडबड करते पण सगळं करते. तू काळजी करू नकोस. तू जा आता, पर्सी. गाडी उभी आहे, जा.”

मग तिने त्या कोटावर डोकं ठेवलं. आल्फ बिडलचे हात तसेच लोंबत होते. त्याने एक हात उचलला, तिच्या टोपीवर ठेवला, आणि हळूच म्हणाला, “बरं. निघतो मी.”

व्हायोलिन माझ्या मांडीवर होतं. केव्हा थांबले कोण जाणे. कुणाच्या लक्षातही आलं नाही.

“थांबा,” मिस्टर डॅलिमोर म्हणाले. त्यांचे गाल ओले होते. “पाहिलंत? याला म्हणतात मीलन. शिका, सगळ्यांनी शिका.” मग त्यांनी पाट्या लिहिणाऱ्याला जवळ बोलावलं आणि तिथल्या तिथे सांगितलं की या जागी पडद्यावर मोठ्या अक्षरांत पाटी येऊ दे, ‘प्राणनाथ, अखेर आलात’. ती पाटी आजही त्या चित्रपटात आहे. लोक ती वाचतात आणि रडतात, रडोत बापडे.

आता आमच्याकडे पद्धत अशी, की प्रत्येक प्रसंग दोनदा घ्यायचा. एक फिल्म इथली, एक अमेरिकेला पाठवायची. म्हणून मिस्टर डॅलिमोर म्हणाले, “सुंदर. आता अमेरिकेसाठी आणखी एकदा, अगदी असंच. गाडी मागे घ्या.”

“नाही साहेब,” हेटी म्हणाली.

“नाही म्हणजे?”

“तो गेला.”

“कोण गेला? हा काय उभा आहे.”

“हे आहेत. तो गेला,” हेटी म्हणाली. तिने आल्फ बिडलचे आभार मानले, कोट काढला, बाही बाहीवर ठेवून नीट घडी केली आणि कपडेपटाकडे निघाली. मिस्टर डॅलिमोर माझ्याकडे पाहायला लागले, जणू काही मी दुसरीकडून एखादा पर्सी आणून देणार होते. डब्याच्या मागून एनॉक बाहेर आला. मघाशी सांगितलंच, फळ्या पातळ होत्या. त्याच्या केसांत भुसा होता आणि डोळे लाल झाले होते. तो तिच्या मागे गेला नाही. चौकटीपर्यंत ती पोचेस्तोवर उभा राहून पाहत राहिला, मग गाडी मागे घ्यायला लागला.

अमेरिकेसाठीचा प्रसंग मग मिस व्हेननी केला. त्या धावल्या आणि लव्हेंडरच्या कुंडीत पडल्या. अमेरिकेत तो भाग फार गाजला म्हणतात.

घरी आईने दारातच विचारलं, “कसा झाला? कॅप्टन आला?”

हेटी तिच्यासमोर खाली बसली आणि तिच्या हातातला पायमोजा काढून बाजूला ठेवला. “आई, रविवारी मी चर्चमध्ये येणार आहे. नावं मी काढून घेतलेली नाहीत, घेणारही नाही. तुम्ही या. तुम्हाला उठायचं असेल तर उठा, मी रागावणार नाही. पण मी तिथेच बसेन.”

आईने माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, “माझ्याकडे काय बघतेस, मी तर कधीची हेच सांगतेय.”

रविवारी आम्ही गेलो. पुढच्या बाकावर एनॉक, कॉलरमध्ये गुदमरलेला. त्याच्या पलीकडे हेटी. मागे मी आणि आई. आईने काळी टोपी घातली होती, आणि पुढच्या बाकाची कड अशी धरली होती की बोटांची पेरं पांढरी दिसत होती. मी तिची बाही पकडून ठेवली. माझा बेत पक्का होता. ती उठायला लागली की खाली ओढायचं, मग अख्ख्या गावाने पाहिलं तरी चालेल.

पाद्रीबाबांनी नावं वाचली. एनॉक टल, अविवाहित. हेन्रिएटा पिंक्नी, विधवा. तो शब्द असा सगळ्यांसमोर मोठ्याने म्हणायचा असतो. मग म्हणाले, “या दोघांच्या विवाहाला कुणाची रास्त हरकत असेल तर ती आत्ता सांगावी. ही तिसरी आणि शेवटची वेळ.”

आणि थांबले. नेहमी थांबतात तेवढेच थांबले असतील.

मी मागे वळले. चर्चच्या दाराकडे पाहिलं. मी, जी तीन वर्षं सगळ्यांना शहाणपण शिकवत होते. बाहेर खडीवर कुणाची तरी पावलं वाजत होती, जड बुटांची, दाराच्या दिशेने येत होती, आणि मला आई, हेटी, एनॉक कुणीही आठवलं नाही. एवढंच वाटलं, ये रे, अजून ये, सगळं मोडलं तरी चालेल.

पावलं वळून पलीकडे निघून गेली. दार बंदच होतं.

आईने माझा हात हलवला. मी पाहिलं तर ती बसलेली होती. उभी होते ती मी. केव्हा उठले ते मला माहीत नाही. सगळं चर्च माझ्याकडे बघत होतं, हेटी सोडून; ती सरळ समोर पाहत होती, तिची मान मात्र ताठ झाली होती.

पाद्रीबाबांनी चष्म्यावरून पाहिलं. “मिस पिंक्नी,” ते हलक्या आवाजात म्हणाले, “तुमची काही हरकत आहे का?”



“नाही,” मी म्हटलं. “तो येणार नाही. माझी काही हरकत नाही.”

आणि मी खाली बसले.